थोरल्या भाऊजींचा आवाज

"देवाकडं काय मागायचं असलं ना मालन, तर नाव, गाव, गोत सगळं नीट सांगायचं. त्याच्या दारात काय तू एकलीच उभी हायेस व्हय?"

रंगुबाईंना जाऊन बरीच वर्षं झाली होती, पण मालनबाईंनी हात जोडले की आधी सासूबाईंचा हा आवाज यायचा आणि मग समोरचा देव दिसायचा. त्यामुळे मालनबाईंचं मागणं नेहमी पक्कं असे. पाऊस मागायचा झाला तरी त्या शेताचा गट नंबर सांगत. लेकीच्या परीक्षेच्या वेळी त्यांनी गणपतीला तिचा बैठक क्रमांकही सांगून ठेवला होता.

म्हणूनच राहात्याच्या महादेवाच्या देवळात त्या एका फ्रेंच माणसासाठी अभिषेकाला बसल्या, तेव्हा नाव आणि गाव त्यांनी घरूनच पाठ करून आणलं होतं. नाव एतिएन मोरव्हाल, गाव पॅरिस. रामगुरुजींनी पळीत पाणी घेतलं, संकल्प सुरू केला आणि गोत्रापाशी येऊन थांबले.

"मालनबाई, हे कोण म्हणायचे?"

"आमचे थोरले भाऊजी," मालनबाई हळूच म्हणाल्या.

गुरुजींनी पळी तशीच धरून त्यांच्याकडे पाहिलं. सहादेवरावांना थोरला भाऊ नाही हे आख्ख्या राहात्याला माहीत होतं. पण मालनबाई खोटं बोलत नाहीत, हेही आख्ख्या राहात्याला माहीत होतं. गोत्र ठाऊक नसेल तर काश्यप म्हणावं अशी सोय जुन्या लोकांनी करून ठेवलेली आहे. गुरुजींनी पॅरिसच्या मोरव्हालांना काश्यप गोत्रात घेतलं आणि पिंडीवर दुधाची धार धरली.

नातं असं होतं. मालनबाईंचे यजमान सहादेवराव पेरूची बाग सांभाळायचे आणि बोलावणं आलं की पुण्याच्या स्टुडिओत जाऊन परदेशी सिनेमातल्या माणसांना आपला मराठी आवाज द्यायचे. तरुणपणी ते आणि घोडेगावचा कल्याण जत्रेतल्या नाटकांत जोडीनं उभे राहात. कल्याणचा आवाज मधात बुडवून काढल्यासारखा. तो आपोआप नायक व्हायचा. सहादेवरावांचा आवाज कणगीत ज्वारी ओतावी तसा, खरखरीत आणि भरीव. त्यांना हवालदार, मुनीम, नायिकेचा बाप, फार तर तलाठी. पुढे दोघं पुण्याला गेले तर स्टुडिओनंही तीच वाटणी कायम ठेवली. एका फ्रेंच डिटेक्टिव्ह मालिकेत डिटेक्टिव्ह कल्याणला मिळाला आणि त्याच्यामागं छत्री धरून चालणारा मदतनीस सहादेवरावांना. तो मदतनीस म्हणजे मोरव्हाल. तेव्हापासून मोरव्हाल ज्या सिनेमात दिसेल तिथं मराठीत सहादेवराव बोलायचे, असं ठरूनच गेलं.

मोरव्हालही काही लहानसहान नट नव्हता. लहान होती ती त्याची कामं. खाटीक, पाद्री, राजदूताचा ड्रायव्हर, औषधाच्या दुकानातला म्हातारा, खलनायकाचा हिशेबनीस, आणि अंतराळात निघालेल्या यानातला एक स्वयंपाकी, जो यान सुटायच्या आधीच मरतो. मरण्यात त्याचा हात धरणारा कुणी नव्हता. नदीत बुडून, विषानं, चर्चच्या मनोऱ्यावरून पडून आणि एकदा तर नुसता सूप पिता पिता. नायकाच्या डोळ्यांत पाणी यावं म्हणून कुणीतरी मरावं लागतं, आणि ते काम मोरव्हाल मन लावून करायचा. बोलायच्या आधी तो एक आवंढा गिळायचा. सहादेवराव तो आवंढासुद्धा माईकपाशी गिळायचे.

"हिरो बोलतो तवा लोक हिरोकडं बघत्यात," सहादेवराव ओसरीवर बसून सांगायचे. "पन हिरोचं बोलनं खरं हाय का खोटं, ते कळतं मोरव्हालकडं बघून. तो ऐकतो ना, तसं ऐकाया जमलं पायजे. आपलं काम काय? ओठ त्याचे, आवाज आपला, शब्द ज्याचे त्याचे. एक अक्षर पदरचं घालायचं न्हाई."

मालनबाईंनी याचा एवढाच अर्थ घेतला की नवऱ्याच्या आवाजात बोलणारा आणि वयानं नवऱ्यापेक्षा मोठा माणूस म्हणजे थोरला दीर. टीव्हीवर मोरव्हाल आला की त्या डोक्यावरून पदर घ्यायच्या. एका सिनेमात तो धोतराएवढंच काहीतरी नेसून समुद्रात शिरला, तेव्हा त्या उठून स्वयंपाकघरात गेल्या आणि तो बुडाल्याची खात्री झाल्यावरच परत आल्या. पुढे फ्रान्समध्ये त्याला सहायक नटाचं मोठं मानाचं बक्षीस मिळालं, तर सहादेवरावांनी राहात्याच्या बाजारपेठेत पेढे वाटले. शेजारच्या बांधावरच्या लंकाबाईंनी पेढा तोंडात टाकून विचारलं, तुमचा कोण लागतो तो. सहादेवराव म्हणाले, मी त्याचा गळा लागतो.

तर त्या अभिषेकात मालनबाईंनी थोरल्या भाऊजींसाठी दोन गोष्टी मागितल्या. दीर्घ आयुष्य आणि एकदा तरी मोठं काम. जन्मभर दुसऱ्याची छत्री धरली, आता त्यांच्यावर कुणी धरावी. त्यात आपल्या माणसाचाही फायदा आहे हे त्यांना कळत नव्हतं असं नाही, पण देवापुढं त्यांनी तो विषय काढला नाही. ते बरं दिसलं नसतं.

आणि देवानं ऐकलं. पुण्याच्या स्टुडिओतून निकिताचा फोन आला. निकिता म्हणजे तिथली डबिंगची दिग्दर्शक, सहादेवरावांच्या लेकीच्या वयाची. मोरव्हालचा नवा सिनेमा येतोय आणि पहिल्यांदाच तो नायक आहे. बंद पडलेल्या एका रेल्वे स्टेशनचा म्हातारा स्टेशन मास्तर, जो अजून रोज कोट घालून फलाटावर उभा राहतो. पहिल्या दृश्यापासून शेवटच्या दृश्यापर्यंत तोच, आणि मरत नाही. मराठीत अर्थातच सहादेवकाका. कल्याणसाठी त्यात नायक उरलाच नव्हता. त्याला पाववाल्याचं काम देऊ केलं होतं, सगळी मिळून चार वाक्यं.

सहादेवरावांनी लगेच कल्याणला फोन लावला. कल्याण तेव्हा घोडेगावच्या जनावरांच्या बाजारात कर्ण्यावरून पुकारा करत होता. बाजाराच्या दिवशी तो तेच करायचा, आणि त्याचं वर्णन ऐकून गिऱ्हाईक म्हशीकडं न बघता त्याच्याकडंच बघत राहायचं. सहादेवरावांनी त्याला प्रकृती विचारली, बाजार कसा आहे ते विचारलं, आणि फोन ठेवता ठेवता म्हणाले, "पाववाला नीट कर बरं का कल्याण. लहान काम अवघड असतं." पलीकडून नुसती म्हैस ओरडली.

त्या दिवसापासून सहादेवरावांचा सराव सुरू झाला. घरात मालनबाईंची पूजा, जप, पोथी. म्हणून ते बागेत जायचे. पेरूला पाड लागलेला होता आणि पोपटांचे थवे यायचे. स्टेशन मास्तरचं एक लांबलचक भाषण होतं, रेल्वेच्या मोठ्या साहेबाला सुनावलेलं. ते सहादेवराव पोपटांना सुनवायचे. पोपट एका झाडावरून उठून दुसऱ्या झाडावर बसायचे, सहादेवराव त्या झाडाखाली जाऊन पुन्हा पहिल्यापासून सुरू करायचे. त्या हंगामात पेरू चांगला वाचला. आवाज मात्र आधी बसला, मग चिरकला, आणि एका सकाळी त्यांनी "मालन, चहा" म्हणायला तोंड उघडलं तर नुसता वारा बाहेर आला.

शिर्डीला आरती नावाच्या डॉक्टरीणबाई होत्या, नाक-कान-घशाच्या. त्यांनी नळी घालून पाहिलं. स्वरयंत्रावर गाठ आली होती. वाईट नव्हती, पण गप्प बसणं हेच औषध. कुजबुजायचंही नाही. मी सांगेपर्यंत बोललात तर हा आवाज परत येणार नाही, असं त्यांनी सहादेवरावांकडे बघून सांगितलं आणि मग तेच पुन्हा मालनबाईंकडे बघून सांगितलं.

परतताना रिक्षात मालनबाईंनी अभिषेकातलं आपलं मागणं पुन्हा आठवून पाहिलं. चूक त्यांना तिथंच सापडली. थोरल्या भाऊजींचं नाव, गाव, गोत सगळं सांगितलं होतं; नवऱ्याच्या गळ्याचं नावही घ्यायचं राहिलं होतं. देवाचा काही दोष नव्हता. अर्जात जेवढं लिहिलं तेवढं त्यानं मंजूर केलं.

घरी मौन सुरू झालं. मालनबाई स्वतः एकादशीला मौन धरत, त्यांना त्यात काही अवघड वाटायचं नाही. सहादेवरावांचं मौन मात्र फार आवाज करायचं. ते टाळ्या वाजवायचे, ताट आपटायचे, दोन्ही हातांनी हवेत भांडायचे. लेकीची जुनी पाटी काढून दिली, तर त्यांचं अक्षर त्यांनाच लागेना. शिवाय बांधावर उभा राहिलेला माणूस पाटी वाचायला चष्मा कुठून आणणार? शेवटी लोक मालनबाईंकडेच बघायला लागले. ज्या बाईचा आवाज उंबऱ्याबाहेर कुणी फारसा ऐकला नव्हता, ती नवऱ्याच्या शेजारी उभी राहून नवऱ्याचं बोलायला लागली.

पहिला आला पेरूचा व्यापारी. त्यानं भाव पाडून सांगितला. सहादेवरावांनी आधी त्याच्याकडं बोट केलं, मग खिसा कापल्याची खूण केली, मग गळ्यावरून आडवा हात फिरवला आणि फाटकाकडं दाखवलं. मालनबाईंनी सगळं नीट पाहून घेतलं.

"ह्यांचं म्हणणं असं," त्या म्हणाल्या, "की तुम्ही घरचेच. तुमच्या मनाला पटंल तो भाव लावा."

व्यापारी गोंधळला. एवढे हातवारे बघून त्याला शिव्यांची अपेक्षा होती. त्यानं मान खाली घातली आणि भाव वाढवून दिला.

मग लंकाबाई. त्यांच्याशी बांधावरच्या बाभळीवरून जुनं वैर होतं. बाभूळ कुणाची ते ठरत नव्हतं, आणि सावली कुणावर पडते यावर दोन्ही घरांत रोज दुपारी वाद असे. सहादेवरावांनी त्यांना बघून कुऱ्हाडीचे घाव घालून दाखवले. मालनबाई म्हणाल्या, ते म्हणतायत, उन्हात उभ्या राहू नका, या, चहा घ्या. लंकाबाई खरंच आल्या, चहा घेतला, आणि जाताना साऱ्या वस्तीला सांगत गेल्या, की आवाज गेल्यापासून सहादेवराव लई गोड बोलाया लागले.

सहादेवराव धुमसत होते. एरवी ज्याला एका अक्षराचा फरक चालत नाही त्या माणसाच्या तोंडात रोज साखर कालवली जात होती आणि त्याला थुंकताही येत नव्हतं. त्यांनी पाटीवर मोठ्या कष्टानं लिहिलं, "शब्द माझे." मालनबाईंनी ते वाचलं, होय म्हणाल्या, आणि पाटी पुसून ठेवली.

पण त्यांच्या मनाला ते लागून राहिलं. खोटं बोलायचं नाही हा त्यांचा लहानपणापासूनचा नेम. सोमवारी त्यांनी रामगुरुजींना विचारलं, दुसऱ्याचं बोलणं आपल्या तोंडून सांगताना थोडं मऊ केलं तर ते खोटं होतं का. गुरुजींनी गाभाऱ्याकडे पाहिलं, मग दाराकडे पाहिलं.

"लोक इथं येऊन देवाला काय काय सांगायला लावतात," ते हळू आवाजात म्हणाले. "भावकीचं वाटोळं कर, अमक्याची बोअर आटव. ते सगळं मी संस्कृतात सांगतो. संस्कृतात ते 'सर्वांचं कल्याण होवो' असं होतं."

मालनबाईंचं थोडं समाधान झालं. थोडंच.

अशात निकिताचा फोन आला. सहादेवराव ओसरीवर मुसंबीचा रस पीत होते. मालनबाईंनी फोन उचलून मोठ्या आवाजावर टाकला. निकिता म्हणाली की सिनेमा लागायची तारीख आता ठरली, पुढं ढकलता येणार नाही. सोमवारी सुरुवात केलीच पाहिजे. काका बरे असतील तर उत्तम. नसतील तर वरचे लोक म्हणतायत की मुंबईचा कुणीतरी घ्या, नाहीतर काकांच्या जुन्या आवाजावरून यंत्रानं नवा आवाज बनवा. "मला ते दोन्ही नको आहे, काकू. तुम्ही फक्त काकांना विचारा, सोमवारी येताय ना?"

डॉक्टरीणबाईंनी कालच गळा पाहिला होता. सुधारतोय, पण अजून अजिबात नाही, असं म्हणाल्या होत्या.

सहादेवराव उठून उभे राहिले. त्यांनी छातीवर हात मारला. एसटीचं स्टिअरिंग फिरवून दाखवलं. कोटाची बटणं लावली, हातात झेंडी धरली, फलाटावर ताठ उभे राहिले. यात न समजण्यासारखं काही नव्हतं. मी ठणठणीत आहे, सोमवारी पहिल्या गाडीनं येतो, स्टेशन मास्तर माझा आहे.

मालनबाई बघत राहिल्या. हेच तर त्यांनी मागितलं होतं. दूध, बेल, अभिषेक, सगळं याच एका कामासाठी. सोमवारी हे गेले तर पहिल्या दिवशी मास्तर बोलेल, दुसऱ्या दिवशी बोलेल, त्या लांबलचक भाषणात कुठंतरी कट् होईल, आणि मग जन्मभर सकाळी नुसता वारा. ती "मालन, चहा" ही हाक त्यांना इतक्या वर्षांत कधी गोड वाटली नव्हती. ती कायमची जाणार म्हटल्यावर वाटली.

त्यांनी एक आवंढा गिळला.

"निकिताताई," त्या म्हणाल्या, "ह्यांचं म्हणणं असं, की स्टेशन मास्तर कल्याण भाऊजींना द्या. त्यांच्या शेजारी हे इतकी वर्षं बोललेत, भाऊजींनाच ते जमंल. आणि पाववाला ह्यांच्यासाठी मागं ठेवा. गळा मोकळा झाला की हे येऊन करतील. शब्द दिलाय म्हणा त्यांनी."

पलीकडून निकिताचा आवाज जरा ओला आला. काका असं म्हणाले? काकांना सांगा, पाववाल्याची चार वाक्यं मी अगदी शेवटी घेईन, वाट बघेन. फोन ठेवला गेला.

सहादेवराव अजून फलाटावर तसेच उभे होते, हात झेंडीसारखा वर. तो हात हळूहळू खाली आला. मालनबाईंना वाटलं आता ग्लास फुटणार. ग्लास फुटला नाही. सहादेवरावांनी मोबाईल उचलला आणि ते बागेत निघून गेले.

मोबाईलवर त्यांना मेसेज लिहिता येत होता. बोटं जाड होती, वेळ लागायचा, पण येत होता. "बाईचं ऐकू नकोस, मी येतोय" एवढंच निकिताला लिहायचं. मालनबाई जपाला बसल्या, पण माळेपेक्षा लक्ष बागेकडं. दुपारी त्या चहा घेऊन बागेत गेल्या. सहादेवराव एका झाडाला टेकून बसले होते, मोबाईल मांडीवर, पडदा काळा.

मालनबाई चहा ठेवून बाजूला उभ्या राहिल्या. आता जे बोलायचं होतं ते कुणाच्या वतीनं नव्हतं.

"माझं चुकलं असंल," त्या म्हणाल्या. "पण मला सांगा, घरात कार्य असलं की आपण पहिल्या पंगतीला बसतो का? पाव्हणे बसतात. घरची माणसं वाढायला उभी राहतात. थोरल्या भाऊजींच्या घरचं हे पहिलं कार्य. तिथं मिरवायला कुणीबी मिळंल. वाढायला आपल्याबिगर कोण हाय त्यांना?"

सहादेवरावांनी त्यांच्याकडे पाहिलं नाही. चहा घेतला की नाही तेही त्यांना कळलं नाही, कारण त्या मागं न बघता परत आल्या.

दुसऱ्या दिवशी सकाळीच मोटारसायकल फाटकाशी थांबली. कल्याण. पांढरा शर्ट, हातात मधाची बाटली, डोळे लाल. तो येऊन सहादेवरावांच्या समोर उकिडवा बसला. बाजारात हजार माणसांना ऐकू जाणारा तो आवाज आज ओसरी ओलांडत नव्हता.

"दादा, मला रातभर झोप न्हाई. जलमभर हिरो मी केला आन हवालदार तुमी. आता कुठं तुमचा हवालदार हिरो झाला, तर तो बी माझ्याच तोंडात. निकिताताई म्हनली, तुमीच सांगितलं. म्हनलं, समोर बसून इचारावं." त्यानं मालनबाईंकडे पाहिलं. "वहिनी, तुमी नका बोलू. मला दादाकडून पायजे."

मालनबाईंनी नजर खाली घातली. हात पदराच्या टोकाशी चाळा करू लागले. सहादेवरावांनी मान आडवी हलवली असती तरी पुरे होतं. सगळं उलटलं असतं, आणि त्यांनाही पुढं कधी नवऱ्याच्या वतीनं बोलता आलं नसतं.

सहादेवराव बायकोकडे पाहत राहिले. मग कल्याणकडे वळून त्यांनी मान खाली-वर केली. एकदाच, सावकाश.

कल्याण त्यांच्या पायाला हात लावायला वाकला आणि सहादेवरावांनी त्याला खांद्याला धरून वर ओढलं. मग त्यांनी हातानं खूण केली, म्हणून दाखव. कल्याणनं घसा साफ केला, छाती भरून घेतली आणि स्टेशन मास्तरचं पहिलं वाक्य म्हटलं. "आज गाडी येणार आहे." ते इतकं सुरेल, इतकं भरदार निघालं की बांधापलीकडून लंकाबाई कोणती गाडी म्हणून बघायला आल्या.

सहादेवरावांनी दोन्ही कानांवर हात ठेवले.

त्यानंतर जे झालं ते मालनबाईंनी पुढे बरेच दिवस आठवून आठवून हसून घेतलं. सहादेवरावांनी कल्याणला पेरूखाली स्टुलावर बसवलं आणि हातवाऱ्यांनी शिकवणी सुरू केली. मालनबाईंना त्यांनी शेजारी उभं केलं. पाटीवरचे ते दोन शब्द पुन्हा लिहून त्यांच्या डोळ्यांपुढं धरले. मालनबाईंनी समजून मान डोलावली.

"ह्यांचं म्हणणं," त्या म्हणाल्या, "म्हैस विकू नका."

"बरं."

"पुन्हा म्हणा. न्हाई, आत्ता तर दोन म्हशी विकल्या."

कल्याणनं पुन्हा म्हटलं. सहादेवरावांनी कपाळावर हात मारला आणि भराभर काहीतरी दाखवलं. मालनबाई घुटमळल्या.

"सांगा वहिनी. काय असंल ते सांगा."

"तुम्ही गाढव आहात," मालनबाई अगदी मृदू आवाजात म्हणाल्या. "हे ते म्हणाले. मी न्हाई."

"व्हय, ते कळलं."

"ते म्हणतायत, बोलायच्या आधी ऐका. गाडीचा आवाज येतो का ते आधी ऐका. न्हाई येत. तरीबी येणार म्हणायचं. मग म्हणा."

कल्याण गप्प बसला. बराच वेळ बसला. बागेत वारा होता, लांब रस्त्यावर उसाचा ट्रॅक्टर जात होता. मग त्यानं आवंढा गिळला आणि ते वाक्य म्हटलं, मध नसलेलं, साधं. सहादेवरावांनी हात खाली घेतले. मालनबाईंनी वाट पाहिली, पण त्यांच्याकडून सांगण्यासारखं काही आलं नाही. सहादेवराव उठून बागेच्या टोकापर्यंत गेले आणि तिथंच पाठमोरे उभे राहिले.

सोमवारी कल्याण पुण्याला गेला. त्याचं काम कसं झालं ते निकिता फोनवर सांगायची, आणि सहादेवराव फोनजवळ कान नेऊन ऐकायचे. तेव्हा ते मोरव्हालसारखे दिसायचे, असं मालनबाईंना वाटे.

पेरूचा हंगाम सरत आला तेव्हा डॉक्टरीणबाईंनी पुन्हा नळी घालून पाहिलं आणि थोडं बोला म्हणाल्या. अगदी थोडं, मोजकं, ओरडणं नाही. मालनबाई रिक्षात बाजूला बसून वाट बघत राहिल्या. घरी आल्यावर वाट बघत राहिल्या. सहादेवराव काही बोलले नाहीत. चहाच्या वेळीही पूर्वीसारखी टाळी वाजवली. राग गेला नसावा, असं त्यांनी स्वतःला सांगितलं आणि काही विचारलं नाही.

गुरुवारी सकाळी त्या तुळशीला पाणी घालत होत्या. उपास होता. फाटकाबाहेर सायकल वाजली आणि सहादेवराव आत आले, राहात्याच्या बेकरीतून. वर्तमानपत्राच्या कागदात पावाची लादी होती आणि तिची वाफ कागदाला लागून तो ओलसर झाला होता. ते सरळ तुळशीपाशी आले, लादीतला एक पाव त्यांनी तोडला आणि मालनबाईंपुढं धरला.

"पाव गरम हाय, मास्तर. खाऊन घ्या."

आवाज पहिल्यापेक्षा खाली उतरला होता. ज्वारी तीच, पण मूठमूठ ओतावी तशी. मालनबाईंच्या हातातला तांब्या कलंडून पायावर पाणी पडत राहिलं.

"पुन्हा म्हणा," त्या म्हणाल्या.

सहादेवरावांनी मान हलवली. गळ्यावर दोन बोटं ठेवली, मग रस्त्याकडं दाखवलं. उरलेला आवाज तिकडे लागणार होता. तो पाव त्यांनी बायकोच्या हातावर ठेवला. तिचा उपास आहे हे त्यांना ठाऊक होतं, त्यांनी तो धरायलाच दिला होता. बाकीची लादी त्यांनी पिशवीत घातली. रिकाम्या हातानं पाववाला कसा बोलणार?

त्यांनी मफलर गळ्याभोवती नीट गुंडाळला, पिशवी खांद्याला अडकवली, फाटकाची कडी वाजू न देता उचलली आणि पुण्याच्या गाडीसाठी स्टँडच्या वाटेला लागले.